काकूचं एक वाक्य

माझी काकू पोलंडची. हे सांगितलं की लोक आधी हसतात आणि मग विचारतात, "म्हणजे इंग्रज का?" ऐंशीनंतरच्या त्या काळात अंधेरीतल्या लोकांच्या लेखी सगळ्या गोऱ्या माणसांचा देश एकच होता. आमच्या बिल्डिंगमध्ये तिला गोरी काकू म्हणायचे. दूधवाला मेमसाब म्हणायचा. कोपऱ्यावरचा वाणी तिच्याशी हिंदीत बोलायचा, तेही बहिऱ्याशी बोलावं तसं मोठ्यांदा. ती त्याला म्हणायची, "वरडू नगंस रं, मी काय भैरी हाय व्हय? आदी डाळीतलं खडं बघ." तो ओशाळून हसायचा आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा हिंदीत ओरडायचा. इतकी वर्षं त्यानं तिची मराठी ऐकली, पण त्याच्या कानात ती कधी शिरलीच नाही. त्याचे डोळे कानांच्या आड यायचे, दुसरं काय!

तिची मराठी अस्सल कोल्हापूरची. मी येतो, मी जेवतो, असंच बोलायची, तिकडच्या बायका बोलतात तशी. ही मराठी ती पुस्तकातून शिकली नव्हती. कोल्हापूरजवळच्या माळावर महायुद्धाच्या काळात पोलंडच्या निर्वासितांची छावणी होती, तिथे ती आली आणि लग्नानंतर गावात भाड्याच्या खोलीत राहिली. घरमालकीण म्हशी पाळायची. धारा काढता काढता त्या बाईनं तिला जी भाषा शिकवली ती शिव्यांसकट शिकवली.

मी शाळेत शिक्षिका म्हणून लागले तेव्हा काका-काकूंकडे राहायला आले. काका माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. परदेशी बाईशी, तीही विधवा, वयानं मोठी, असं लग्न केलं म्हणून आमच्या घराण्यानं त्यांचं नाव टाकलं होतं. आजी गेली तेव्हासुद्धा त्यांना कळवलं नाही. पण मला अंधेरीत नोकरी लागली आणि जागेचा प्रश्न आला तशी सगळ्यांना थोरल्याची आठवण झाली. ज्या घरचं पाणी चालत नव्हतं त्या घरात मुलगी ठेवायला चालली. माझे वडील मला सोडायला आले तेव्हा काकूनं तांबडा रस्सा केला होता. वडील दोनदा वाढून घेऊन जेवले आणि तिच्याशी एक शब्द बोलले नाहीत. मला त्या दिवशी त्यांची जी लाज वाटली ती वाटलीच.

काका सिनेमाच्या सेटिंगचे सुतार. कोल्हापूरच्या स्टुडिओत शिकले, मग अंधेरीच्या स्टुडिओत आले. लाकडाच्या पट्ट्या, गोणपाट आणि प्लास्टर घेऊन ते राजवाडा उभा करायचे आणि शूटिंग संपलं की तोच राजवाडा हातोड्यानं पाडायचे. काकूची आणि त्यांची गाठ स्टुडिओतच पडली. छावणीतून ती एकटी चालत कोल्हापुरात आली होती आणि स्टुडिओच्या फाटकापाशी उभी राहून खुणा करून सांगत होती की मी नटी आहे, मला काम द्या. फाटकावरचे हसत होते. काकांनी तिला आत नेलं. का नेलंत, असं मी एकदा विचारलं तर म्हणाले, "अगं, ऊन किती हुतं! पाणी तरी द्याचं म्हनून न्हेली."

ती खरोखरच नटी होती. हेच लोकांना पटायचं नाही. काकूनं पोलंडमध्ये मुक्या सिनेमांत कामं केली होती, एकदोन सिनेमांत तर नायिकेची, असं काका कुणाला सांगायला लागले की समोरचा मान डोलवायचा आणि नजर फिरवायचा. पुरावा काय? एक फोटो नाही, कात्रण नाही. सगळं तिकडेच जळलं किंवा बर्फात राहिलं. फेकते म्हातारी, असं आमच्याच नातलगांत म्हणायचे. एक काका तेवढे, ते पहिल्या दिवसापासून मानत आले होते.

मला ती सांगायची, भाजी निवडता निवडता, तेही मूड असेल तर. पोलंडच्या पार पूर्वेकडच्या एका लहान गावात ती जन्मली. बाप रेल्वेत. गावात फिरती नाटक कंपनी आली, तिच्याबरोबर ही निघून गेली. आईनं स्टेशनवर येऊन शिव्या दिल्या आणि वाटेत खायला पावही दिला. पुढे वॉर्सा शहरात सिनेमाच्या कंपनीत लागली. तिथला स्टुडिओ काचेच्या छपराचा, ऊन आत यावं म्हणून. ऊन गेलं की काम बंद, सगळे ओव्हरकोट घालून शेगडीपाशी. कॅमेऱ्यात लाल रंग काळा यायचा म्हणून ओठांना भलताच रंग लावायचे आणि चेहऱ्यावर पिठासारखा पांढरा थर. सीन चालू असताना दिग्दर्शक शेजारी उभा राहून ओरडायचा, आता रड, आता खिडकीकडे बघ. आवाज कुठे पकडला जात होता? "आन् आमी तोंडानं काय बी बोलायचो," ती सांगायची. "येकदा पिरेमाचा शीन हुता. त्यो माझा हात धरून गुडघ्यावर बसलाय आन् आमी दोघं भांडालोय, माजी छत्री कुणी न्हेली म्हनून. बघणाऱ्या बाया पदर लावून रडल्या!" तिकडे कुठला आलाय पदर, पण ती तसंच सांगायची.

मग बोलपट आले. कंपनीनं सगळ्यांचे आवाज तपासले. काकूच्या बोलण्यात तिच्या पूर्वेकडच्या गावचा हेल होता, गाणं म्हटल्यासारखा. ती दोन ओळी बोलली आणि काचेपलीकडे बसलेले हसायला लागले. तिला म्हणाले, चेहरा चांगला आहे, तोंड उघडू नका. उघडायचं नाही तर बोलपटात करायचं काय? गेली परत गावाला. लग्न केलं एका मास्तराशी. लढाई सुरू झाली, रशियाचे सैनिक आले, मास्तरला कुठे नेलं ते कळलंच नाही. हिला आणि हिच्या आईला मालगाडीत घालून रशियाच्या बर्फात नेलं, झाडं तोडायला. आई तिथे गेली. जमीन दगडासारखी गोठलेली, इतरांनी मिळून कुठंतरी पुरली. हिला ताप होता. शुद्धीवर आली तर कुणाला नीट जागा सांगता येईना. हे तिनं मला एकदाच सांगितलं, आणि सांगून झाल्यावर म्हणाली, "मेथीत माती लई हाय, परत धुवाय पायजे."

रशियानं सोडल्यावर निर्वासितांबरोबर ती इथे आली, मग तिच्या सिनेमाचं काय झालं? इथे तर आणखीच वाट लागली. गोरी कातडी पाहिजे असेल तेव्हा गर्दीसाठी माणसं पुरवणाऱ्या सप्लायरचा निरोप यायचा. पार्टीच्या सीनमध्ये हातात सरबताचा ग्लास घेऊन मागे उभी, चर्चच्या सीनमध्ये बाकावर, विमानतळावर पर्स घेऊन चालत जाणारी. कधी कलेक्टरची बायको, नाक वर करून घोडागाडीत बसलेली. वर्षानुवर्षं हेच, आणि एक वाक्य म्हणून नाही. बोलायचा प्रसंग आला की दिग्दर्शक एखाद्या हिंदी नटीला सोनेरी केसांचा टोप घालायचा, "टुम काला लोग" म्हणायला. काकू बाजूला ग्लास घेऊन उभी. ज्या बाईनं काचेच्या छपराखाली माणसांना रडवलं तिनं ही अंधेरीची धूळ खात ग्लास धरून उभं राहायचं! मला तिडीक यायची. ती म्हणायची, "काम हाय. घरी बसून डास मारण्यापरीस बरं."

काका मात्र तिचा प्रत्येक सिनेमा बघायचे. थिएटरात गर्दीच्या सीनला त्यांचा हात वर व्हायचा, "त्यो खांब दिसला का, म्या बांधलेला? त्येच्या मागं बघ, बघ, ती!" मागचे लोक शूऽ करायचे. क्षणभर तिचा कान, खांदा, ग्लास दिसायचा. काका तृप्त.

नंतर कुलाब्याला पाठीवर पिशव्या लावून फिरणारी परदेशी पोरं-पोरी यायला लागली. सप्लायर त्यांनाच गाडीत भरून आणायचे. नुसत्या जेवणावर तयार, वर तरुण. काकूला बोलावणं येईनासं झालं. आणि त्याच सुमारास काकांचा काचबिंदू कळला, तो फार उशिरा. आधी कडा गेल्या, मग मधलं गेलं. शेवटी खिडकी कुठे आहे एवढंही दिसेना. त्यात डायबिटीस. जेवता जेवता, बोलता बोलता त्यांना डुलकी लागायची, हातातला घास हातात राहायचा.

डोळे गेले त्याचं त्यांनी फारसं काही म्हटलं नाही. एकच गोष्ट बोलून दाखवायचे. आमच्याकडे टीव्ही आला होता, त्यावर जुने सिनेमे लागायचे आणि काकांना संवादांवरून सिनेमा ओळखता यायचा. मग ते विचारायचे, "आता तुझा शीन आला का गं?" ती म्हणायची, "आलोय. मागं हुबा हाय." ते मान हलवायचे. एकदा म्हणाले, "तू येकदा तरी बोलली असतीस पिच्चरात, तर आत्ता ऐकलं असतं म्या. आता तू हाईस काय न्हाईस, मला सारकंच." असं म्हणायला नको होतं, पण खरं होतं ते. त्या दिवसापासून काकूच्या डोक्यात तेच बसलं. ज्या कुणाची म्हणून सिनेमात ओळख होती त्याला ती गाठायला लागली. मला एक वाक्य द्या. एकच द्या. लोकांनी तिला चहा पाजून वाटेला लावलं. या वयात म्हातारीला काय हौस आली, म्हणून तोंड लपवून हसलेसुद्धा असतील.

आणि मग ते काम आलं. काकांच्या हाताखाली शिकलेला एक सुतार एका मराठी मालिकेच्या सेटवर होता. बेचाळीसच्या चळवळीवरची मालिका, टीव्हीसाठी. त्यात म्हाताऱ्या मेमसाहेबाचं काम होतं आणि चक्क संवाद होता. दिग्दर्शक तरुण, दाढी वाढवलेला, खांद्याला झोळी. घरी आला, काकूचे पांढरे केस बघून खूश झाला. मराठी येतं का विचारलं. काकू म्हणाली, "येतंय की." तो मोठ्यानं हसला. आम्हाला वाटलं, त्याला आवडलं.

प्रसंग असा होता. मेमसाहेबाच्या बंगल्यावर काम करणाऱ्या बाईचा मुलगा चळवळीत मारला जातो, पोलीस प्रेतही देत नाहीत. बाई रडत असते. मेमसाहेबाचा मुलगा आधीच लढाईत गेलेला. ती त्या बाईजवळ येते आणि म्हणते, "रडू नकोस. माझा कुठे पुरलाय, ते मलाही कुणी सांगितलं नाही."

मी हे कागदावरून वाचून दाखवलं तेव्हा काकू गॅसपाशी उभी होती. तिनं गॅस बंद केला. मला पुन्हा वाचायला लावलं. मग खुर्ची ओढून काकांच्या समोर बसली आणि म्हणाली, "हे मी म्हणणार." लिहिणाऱ्याला बिचाऱ्याला काय माहीत त्यानं कोणाच्या तोंडी काय घातलंय!

त्यानंतर आमच्या घरात दुसरं काही ऐकू आलं नाही. कोल्हापूर बाहेर काढायचं होतं, कारण मेमसाहेब म्हशीवाल्या बाईसारखी कशी बोलेल? मी शाळेतून आले की तिची शिकवणी. "कुठे" म्हण, "कुटं" नाही. "नाही" म्हण, "न्हाई" नाही. पोरांना शिकवताना माझा आवाज चढतो तसा तिच्यावरही चढायचा. ती चिडायची, "शाळामास्तरीण! दोन बुकं शिकून मला शिकवालीस!" आणि परत म्हणायची. काका डोळे मिटून ऐकायचे. डोळ्यांचा उपयोग नव्हता तरी मिटायचे. सेटच्या मागे बसून त्यांनी जन्मभर मोठमोठ्यांचे संवाद ऐकले होते. ते म्हणायचे, "'कुठे'च्या आधी जरा थांब. त्या बाईला म्हाईत न्हाई न्हवं, कुठं ते? मग थांबंल ती." काकू थांबून म्हणायची. तेवढ्या थांबण्यानं माझ्या अंगावर काटा यायचा. हळूहळू वाक्य स्वच्छ झालं. माझ्या शाळेतल्या एकाही बाईंना इतकं स्वच्छ बोलता आलं नसतं, हे मी छातीठोक सांगते.

शूटिंग कांदिवलीच्या पुढे एका जुन्या ख्रिस्ती बंगल्यात होतं. मी रजा काढून तिच्याबरोबर गेले. तिला लेसचा झगा घातला, केस बांधले, आणि ती एकदम कोणीतरी वेगळीच झाली. पाठ ताठ, हनुवटी वर. लाइटवाले तिला बघून उगाच उठून उभे राहिले. तालमीत तिनं वाक्य म्हटलं आणि दिग्दर्शकानं हात वर केला.

"मॅडम, छान आहे. पण एवढं शुद्ध नको. थोडं मोडकं बोला ना. मेमसाहेब आहात तुम्ही."

काकू म्हणाली, "मोडकं म्हंजे?"

"म्हणजे, ट, ड. 'टू रडू नाको.' असं."

काकू फार शांतपणे म्हणाली, "तसं मला येत न्हाई, बाबा." आजूबाजूचे हसले. ती थट्टा करत नव्हती. मोडकं बोलायला तिला खरंच येत नव्हतं. घसा बसेपर्यंत दिवसचे दिवस घासून तिनं जे वाक्य लखलखीत केलं होतं ते आता मोडायचं? कशासाठी? मी पुढे होऊन काहीतरी बोलणार होते, तिनं डोळ्यांनी मला गप्प केलं. सेटवर दिग्दर्शकाशी वाद घालायचा नाही, हे तिचं जुनं वळण.

टेक झाला. तिनं तसंच म्हटलं, स्वच्छ, आणि "कुठे"च्या आधी थांबली. तिच्या डोळ्यांत पाणी आलं, पण पडलं नाही. जिच्या मुलाचं प्रेत पोलिसांनी दिलं नाही ती कामवाली झालेली नटी खरोखरीच हुंदके द्यायला लागली. कॅमेरावाला कॅमेऱ्यातून डोळा काढेना. दिग्दर्शकानं दाढी खाजवली आणि म्हणाला, "ओके. ठीक आहे. आवाजाचं नंतर बघू. डबिंगला बोलावतो."

सेटवर जो आवाज घेतात तो कच्चा असतो. पंखे, गाड्या, कुत्री, सगळं त्यात येतं. नंतर स्टुडिओत नटांना बोलावून तेच संवाद पुन्हा म्हणून घेतात, त्याला डबिंग म्हणतात. हे काकांनी मला समजावलं. आम्ही बोलावण्याची वाट बघत राहिलो. काकू रोज गरम पाणी पीत होती, घसा बसू नये म्हणून. बोलावणं आलं नाही. मालिका सुरू झाली तरी आलं नाही. मला शंका यायला लागली तेव्हा काका खुर्चीवर सरसावून बसले आणि म्हणाले, "अगं खुळे, बोलावलं न्हाई हेच बरं झालं! बंगला गावाभाईर, गाड्या न्हाईत, गोंगाट न्हाई. सेटवरचाच आवाज झकास आला आसंल. तोच ठेवला त्येनी. म्हनून बोलावलं न्हाई." जन्मभर सेटवर काढलेल्या माणसाचं गणित ते, आम्ही मान डोलावली. काकूच्या चेहऱ्यावर तर इतका उजेड आला, की तिकडच्या काचेच्या छपराखाली ती कशी दिसत असेल ते मला त्या दिवशी कळलं.

तो भाग संध्याकाळी होता. बिल्डिंगमधले झाडून सगळे आमच्या घरात. समोरच्या मालवणी वहिनी उकडीचे मोदक घेऊन आल्या, सण असल्यासारखं. काका नवा सदरा घालून टीव्हीच्या अगदी जवळ, स्पीकरकडे कान करून. मी त्यांच्या शेजारी जमिनीवर. माझं मनगट त्यांनी घट्ट धरलं होतं. काकू मागे स्वयंपाकघराच्या दारात उभी, बसायला तयार नाही. मी सगळ्यांना दम भरला, "सीन आला तरी कोणी आली आली म्हणून ओरडायचं नाही. टाळ्या नाहीत, काही नाही. काकांना ऐकू दे." एरवी आमच्या बिल्डिंगमध्ये कोणी कोणाचं ऐकत नाही, पण त्या दिवशी ऐकलं.

बंगला दिसला. कामवाली दिसली, रडत बसलेली. मग काकू आली, लेसच्या झग्यात. कोणी हूं की चूं केलं नाही. ती त्या बाईजवळ गेली, वाकली. डोळ्यांत पाणी. ओठ हलले.

"ए बाय! रोडू नाको! काम कर, काम!"

कुणा भलत्याच बाईचा आवाज, चिरका, नाकातला. "काम" म्हणून तो आवाज संपला तरी पडद्यावर काकूचे ओठ हलतच होते, तिचं उरलेलं वाक्य बोलत, आणि ऐकू येत होती नुसती सतार. तिचा तो थांबलेला क्षणही दिसला. त्याच्यावर सतारच होती.

काका माझ्या कानाशी वाकून कुजबुजले, "ही कोण भवानी वरडाय लागलीया?"

ते पुन्हा ताठ बसले, कान पुढे करून. माझं मनगट आणखी घट्ट धरलं. पुढचा सीन जेलचा. त्याच्या पुढचा मोर्च्याचा. भाग संपून नावं यायला लागली तसे लोकांनी टाळ्यांचा कडकडाट केला. मालवणी वहिनी म्हणाल्या, "काय गो काकू, खरीच मेम दिसलंस! आणि आवाज कसो काढलंस, वळखाकच येईना!" वरच्या मजल्यावरचे बँकवाले म्हणाले, "अ‍ॅक्टिंग म्हणजे अ‍ॅक्टिंग! अगदी अस्सल इंग्रज!" रोज पाण्यावरून जिच्याशी मराठीत भांडत होते, तिचाच आवाज आहे असं सगळ्यांना वाटलं. एकालाही कळलं नाही. एकालाही!

काका गोंधळून मान इकडेतिकडे फिरवत होते. "टाळ्या कशाला? संपलं काय? तिचं कवा झालं?"

"काका, बोलल्या ना काकू! मस्त बोलल्या!" कोणीतरी म्हणालं.

"बोलली? कवा?"

मी मागे वळून बघितलं. काकू दारातून पुढे आली. तिचा चेहरा पिठासारखा पांढरा झाला होता. ती काकांच्या खुर्चीपाशी आली, खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाली, "बोललो की. तुमचा डोळा लागला हुता."

"न्हाई गं. मी जागाच हुतो."

"लागला हुता. घोरत हुतासा."

काकांनी माझ्याकडे तोंड वळवलं. माझं मनगट अजून त्यांच्या हातात होतं, सबंध वेळ होतं, एकदासुद्धा सैल पडलं नव्हतं. त्यांनी विचारलं, "व्हय गं?"

मी म्हटलं, "हो, काका."

दुसऱ्या दिवशी शाळेच्या ऑफिसातून मी त्या लोकांना फोन केला. दिग्दर्शक आला नाही, कोणी सहायक होता. मी त्याला सोडलं नाही. त्याचं म्हणणं असं की ताई, गोरी बाई इतकं शुद्ध मराठी बोलते हे कोणाला पटणार? शिवाय चळवळीची मालिका, त्यात इंग्रज बाई दयाळू दाखवली तर प्रेक्षक भडकतील. म्हणून वाक्यही बदललं. "बाईंना वाईट वाटलं का?" असंही विचारलं त्यानं. मी त्याला काय बोलले ते इथे लिहीत नाही. स्टाफरूममधल्या बायका बाहेर येऊन बघायला लागल्या एवढं सांगते. घरी आल्यावर काकूला म्हटलं, काकांना खरं सांगू या. ती भांडी घासत होती. म्हणाली, "काय सांगायचं? दोन देशांत माझा आवाज कुणाला नगं झाला, आसं? त्येला हवा हाय. त्येला कशाला कळू द्यायचं?" आणि नळ मोठा केला.

तो भाग पुन्हा लागला नाही. काका त्यानंतर वर्षभर होते. घरी कोणीही आलं, डॉक्टर, दूधवाला, माझ्या लग्नाचं बोलायला आलेले पाहुणे, तरी ते आधी तेच सांगायचे. "आमची मंडळी जन्मात येकदाच बोलली बगा पडद्यावर. म्या शिकवलेलं वाक्य. आन् मला मेल्याला नेमकी तवाच झोप लागली." सांगताना दर वेळी त्यांचे डोळे भरायचे. माफी मागावी तसा ते हात पुढे करून तिला चाचपडायचे आणि ती जवळ येऊन म्हणायची, "जाऊ द्या वो. वय झालंय तुमचं."